भिंतीपलीकडचा डंक

२०१९ च्या ऑगस्टमध्ये कृष्णेचं पाणी आमच्या उंबऱ्याला लागलं, तेव्हा शेजारच्या दादांनी आईला पाठुंगळी घेऊन त्यांच्या माडीवर नेलं. सहा दिवस आम्ही दोघी तिथेच होतो, त्यांच्याच पातेल्यातलं खात. त्याच दादांचं नाव २०२३ च्या मार्चमध्ये मी दिवाणी दाव्यात ‘प्रतिवादी क्र. १’ म्हणून लिहून दिलं. वकिलांच्या टायपिस्टने वय विचारलं, पत्ता विचारला, धंदा विचारला. धंदा सांगताना माझा आवाज बसला.

शेजाऱ्याच्या त्रासाचा विषय निघाला की लोक दोनच वाटा सांगतात: सहन करा, नाहीतर पोलिसात जा. तिसरीही एक वाट आहे. ती मला ठाऊक नव्हती, आणि पुढचं वर्षभर मी तिच्यावरून चालले.

आमचं गाव सांगली जिल्ह्यातलं, नदीकाठचं. पेठेच्या मागच्या गल्लीत आमचं कौलारू बैठं घर आणि त्याला लागून दादांचं दुमजली. मधली भिंत सामाईक, मातीत बांधलेल्या जुन्या विटांची. पुरात दादांचं मोटार रिवाइंडिंगचं दुकान गेलं, पाठोपाठ कोरोना आला. २०२२ च्या संक्रांतीनंतर त्यांनी कर्ज काढून पुढच्या सोप्यात मिरची-मसाल्याचा डंक बसवला. आमच्या भागात वर्षाची चटणी डंकावरच कुटून आणतात. चक्कीवर दळलेल्या तिखटाला ती चव नाही, म्हणून बायका डबे घेऊन रांगा लावतात. चार लोखंडी मुसळं, खाली चार उखळं, वर पट्टा आणि मोटार. मुसळ उचललं जातं आणि सुटतं, उचललं जातं आणि सुटतं.

पहिल्या दिवशी आम्हाला आनंदच झाला होता. आईने नारळ फोडायला जाऊन पेढे आणले. आठवड्याभरात मांडणीवरची पितळी भांडी एकमेकांना लागून किणकिणायला लागली. मार्च संपता संपता खरा सीझन आला. भाजलेली ब्याडगी, संकेश्वरी आणि तिखटपणासाठी लवंगी उखळात पडली की भिंतीच्या वरच्या फटीतून आणि कौलांतून ठसका खाली उतरायचा. डोळे झोंबायचे, ताटात घास घेतला की खोकला यायचा. एप्रिलच्या उन्हात खिडक्या लावून बसावं तर घराची भट्टी व्हायची. आईला दमा आहे. रात्री डंक बंद झाल्यावरही तिची छाती वाजत राहायची.

दादांशी बोललो. एकदा नव्हे, पाच-सहा वेळा. त्यांनी उखळाखाली जुन्या टायरचं रबर घातलं, सोप्याच्या दाराला ताडपत्री लावली. फरक पडला नाही. शेवटी ते म्हणाले, “हप्ता चुकला तर मशीन उचलून नेतील. काय करू सांगा की ताई.” ह्याचं उत्तर माझ्याकडे नव्हतं.

नगरपालिकेत गेले, तर परवाना रीतसर होता. पोलिसात गेले. एक हवालदार येऊन दोघांना समजावून गेले आणि चार दिवस डंक सातऐवजी आठला सुरू झाला. कुणीतरी सांगितलं, तहसीलला जा, १३३ खाली अर्ज कर. तेव्हा फौजदारी प्रक्रिया संहिता होती. आता तेच कलम भारतीय नागरिक सुरक्षा संहितेत १५२ म्हणून आहे. सार्वजनिक उपद्रव दूर करण्यासाठी कार्यकारी दंडाधिकारी त्याखाली आदेश काढू शकतात. अर्ज लिहून घ्यायला म्हणून मी आमच्या तालुक्यातल्या एका जुन्या वकीलसाहेबांकडे गेले. त्यांनी अर्ज बाजूला ठेवला आणि पहिला प्रश्न विचारला, “त्रास गल्लीला आहे की तुम्हाला?”

खरं सांगायचं तर आम्हालाच जास्त होता. समोरच्यांना थोडा वास, थोडा आवाज. भिंत फक्त आमची. ते म्हणाले, सार्वजनिक उपद्रवाला चारचौघांचा त्रास दाखवावा लागतो. तुमचा आहे खाजगी उपद्रव. आपल्या घरात, आपल्या जागेत माणसाला सुखाने राहता आलं पाहिजे. शेजाऱ्याच्या वापराने त्यात वाजवीपेक्षा जास्त अडथळा आला, तर दिवाणी कोर्टात मनाई मागता येते. आणि मग त्यांनी एक गोष्ट सांगितली, ती मला आवडली. ह्याची व्याख्या करणारा स्वतंत्र कायदा आपल्या संसदेने केलेला नाही. इंग्रजांच्या न्यायालयांनी एकेका भांडणातून निकाल देत देत हा कायदा घडवला, आपल्या कोर्टांनी तो न्यायबुद्धीला पटेल तेवढा घेतला, आणि पुढे आपले निकाल त्यात मिळवत गेले. कायद्याच्या पुस्तकात त्याला अपकृत्य म्हणतात, बाररूममध्ये सगळे ‘टॉर्ट’च म्हणतात.

“तुमची केस लंडनमध्ये १८७९ साली होऊन गेली आहे,” असं म्हणून त्यांनी कपाटातून एक जाड पुस्तक काढलं. विग्मोर स्ट्रीटवर एक मिठाईवाला होता. त्याच्या स्वयंपाकघरात दोन मोठे खल होते आणि वीस वर्षांहून जास्त काळ तिथे कुटणं चालू होतं. पाठीमागच्या बाजूला विंपोल स्ट्रीटवर एका डॉक्टरचं घर होतं. डॉक्टरने बागेच्या टोकाला तपासणीची खोली बांधली, नेमकी त्या स्वयंपाकघराला खेटून. रोग्याच्या छातीला नळी लावून ऐकावं, तर पलीकडून खलाचे ठोके. मिठाईवाला म्हणाला, मी इतकी वर्षं कुटतोय, तुम्ही खोली आत्ता बांधली. कोर्टाने ते ऐकलं नाही आणि कुटणं थांबवलं. हे ‘स्टर्जेस विरुद्ध ब्रिजमन’. आजही कायद्याच्या विद्यार्थ्यांना शिकवतात.

मी ऐकत राहिले. दीडशे वर्षांपूर्वीच्या लंडनमध्येही खलबत्त्याच्या आवाजाने कुणीतरी असंच हैराण झालं होतं, आणि त्यासाठी मिठाईवाल्याला गुन्हेगार ठरवावं लागलं नव्हतं. माझ्या मनातला गुंता तिथे पहिल्यांदा सैल झाला. मला दादांना शिक्षा नको होती. ते वाईट आहेत असं मला कुठेही लिहायचं नव्हतं. ह्या कायद्याला त्याची गरजच नव्हती. कोण चांगला, कोण वाईट हे तो विचारतच नाही. एवढा ठोका, एवढा ठसका शेजाऱ्याने सोसायचा असतो का, इतकंच विचारतो.

पुढची गोष्ट मात्र मला जड गेली. मी आईच्या औषधांची फाइल टेबलावर ठेवली, तर वकीलसाहेबांनी ती मिटली. “दम्यावर केस उभी करायची नाही.” मला राग आला. सगळा त्रास तर तिलाच होता! त्यांनी शांतपणे समजावलं. माप सर्वसामान्य माणसाचं असतं. १८८९ सालचा एक निकाल आहे. तळघरातल्या कारखान्याच्या उष्णतेने वरच्या मजल्यावरच्या भाडेकरूचा खास तपकिरी कागद खराब झाला आणि तो दावा हरला, कारण साध्या कागदाला त्या उष्णतेने काही झालं नसतं. आपण दमा पुढे केला की समोरचे वकील म्हणणार, धडधाकट माणसाला काहीच होत नाही, हा ह्यांचा नाजूकपणा. आधी धडधाकट माणसाला त्रास होतो हे दाखवा. एकदा ते सिद्ध झालं की नाजूक गोष्टीचं नुकसानही मागता येतं. कॅनडात एका फुलं पिकवणाऱ्याच्या ऑर्किडचं शेजारच्या कारखान्याच्या धुराने नुकसान झालं होतं, ते लंडनच्या प्रिव्ही कौन्सिल ह्या अपील कोर्टाने १९५१ साली मान्य केलं. म्हणजे आईची छाती शेवटी येणार. आधी दूधवाला, पेपरवाला, गॅसवाला.

घरी येऊन हे आईला सांगायचं माझ्या जिवावर आलं. ती जिल्हा परिषदेच्या शाळेत तीस वर्षं शिकवून निवृत्त झालेली. ती म्हणाली, “बरोबर आहे त्यांचं. माझ्यावरनं गावाचं माप कसं काढतील?” आणि ती उठून वही घेऊन आली.

ती वही हा आमच्या केसचा कणा ठरला. दोनशे पानी, लाल-निळ्या रेघांची. डंक सुरू झाल्याच्या तिसऱ्या आठवड्यापासून ती त्यात लिहीत होती, मला न सांगता. तारीख, सुरू झाल्याची वेळ, बंद झाल्याची वेळ, काय कुटत होते. ‘६.१० ला सुरू. धने. ठसका नाही, हादरा आहे.’ ‘मिरची. १.४० ते ४.०५. गॅसची टाकी घेऊन आलेला मुलगा खोकत बाहेर पळाला.’ ‘आज बंद. त्यांच्याकडे पाहुणे.’ बंद असलेले दिवससुद्धा तिने प्रामाणिकपणे लिहिले होते. वकीलसाहेब त्या ओळीवर बोट ठेवून म्हणाले, ह्यामुळेच वहीवर विश्वास बसेल. मी मोबाइलवर आवाज मोजायचं ॲप घेतलं होतं. निवासी भागात दिवसा ५५ डेसिबल आणि रात्री ४५ ही २००० सालच्या ध्वनिप्रदूषण नियमांतली मर्यादा, आणि माझ्या ॲपवर ७०च्या वर आकडे येत होते. ते म्हणाले, हे आपल्या माहितीपुरतं; ॲप काही प्रमाणित यंत्र नव्हे. व्हिडिओ मात्र घेतले, त्यांना तेव्हाच्या पुरावा कायद्याचं ६५-ब चं, म्हणजे डिजिटल पुराव्यासोबत द्यावं लागणारं प्रमाणपत्र जोडून.

फेब्रुवारीत रजिस्टर पोस्टाने नोटीस गेली. दुसऱ्या दिवशीपासून वहिनी गल्लीत समोर आल्या तरी मान वळवायला लागल्या. नोटिशीला उत्तर आलं: परवाना आहे, पेठेचा भाग आहे, उदरनिर्वाहाचं साधन आहे, एकच घर तक्रार करतं. त्यांनी कोर्टात कॅव्हेटही लावून ठेवलं, म्हणजे आमच्या एकट्याचं ऐकून हुकूम होऊ नये. तो त्यांचा हक्कच होता.

दावा कायम मनाईचा होता, दिवाणी न्यायाधीश, कनिष्ठ स्तर यांच्यापुढे. त्यासोबत तूर्तातूर्त मनाईचा अर्ज. हा अर्ज आमच्याकडच्या कोर्टांत ‘निशाणी ५’ म्हणूनच ओळखला जातो; कुणाच्याही दाव्यात बघा, निशाणी ५ म्हटलं की समोरच्याला कळतं. आवारात उभं राहिलं की दर दोन मिनिटांनी कानावर येतं, “पाचवर ऑर्डर झाली का?” नुकसानभरपाई मागायची का, असं वकीलसाहेबांनी विचारलं होतं. भिंतीला देव्हाऱ्याच्या वर चीर गेली होती. आई म्हणाली, पैसे मागायचे नाहीत. भिंत दुरुस्त करून द्या म्हणावं, बास.

तारखा पडत गेल्या. म्हणणं द्यायला मुदत, मग आमच्या कागदांच्या नकला, मग साहेब रजेवर. सीझन चालू, उन्हाळी सुट्टी तोंडावर. म्हणून आम्ही कोर्ट कमिशनर नेमायचा अर्ज दिला. जागेवर जाऊन पाहून अहवाल द्यायला कोर्ट एखाद्या वकिलाला नेमतं. त्याची फी अर्ज करणाऱ्याने भरायची. एक तरुण वकीलबाई नेमल्या गेल्या. दोन्ही बाजूंना आधी कळवून, एप्रिलच्या एका शनिवारी अकरा वाजता त्या आल्या.

कळवून यायचं म्हणजे पलीकडेही तयारी असणारच. त्या दिवशी उखळात मिरची नव्हती. हळद होती. आमच्या जिल्ह्यात हळदीला काय तोटा! सोप्यात पिवळा उजेड पडल्यासारखं झालं होतं आणि ठसका अजिबात नव्हता. माझं धाबं दणाणलं. वर्षभराचा त्रास आणि पाहायला आलेल्या माणसाला दिसणार फक्त हळद.

वकीलबाई काही बोलल्या नाहीत. त्यांनी आईकडे पाणी मागितलं. आईने स्टीलच्या पेल्यात दिलं. त्यांनी ते प्यायलं नाही, देव्हाऱ्याजवळच्या ओट्यावर ठेवलं आणि दादांच्या वकिलांना जवळ बोलावलं. मुसळ पडलं की पाण्यावर मधोमध एक गोल उठायचा, कडेला जायचा, तो विरायच्या आत दुसरा. सगळे खाली वाकून तो पेला पाहत होतो, दादासुद्धा. मग त्या मागच्या खिडकीकडे गेल्या. खिडकीला डासांची जाळी आहे. त्यांनी पांढरा रुमाल जाळीवरून फिरवला. रुमाल लाल झाला. चौकटीच्या खाचेत तर बोटभर थर होता, वर काळपट, खाली लालभडक. तो कागदावर खरवडून घेऊन पाकिटात घातला आणि पाकिटावर दोन्ही बाजूंच्या सह्या घेतल्या. सही करताना दादांना दोनदा शिंक आली. त्यांनी माझ्याकडे पाहिलं आणि नजर खाली घातली. एवढं ह्या घरात येतं हे त्यांना खरंच माहीत नव्हतं, असं मला आजही वाटतं. डंक बसवल्यापासून ते आमच्या मागच्या खोलीत आलेच नव्हते.

सुट्टीच्या आधी निशाणी ५ वर युक्तिवाद झाला. अशा अर्जावर कोर्ट तीन गोष्टी पाहतं: प्रथमदर्शनी केस आहे का, सोयी-गैरसोयीचा तोल कुणाकडे झुकतो, आणि मनाई दिली नाही तर पैशाने भरून न येणारं नुकसान होईल का. त्यांच्या वकिलांचा भर पेठेवर होता. तोही मुद्दा फुकाचा नव्हे. त्या मिठाईवाल्याच्याच निकालात न्यायमूर्तींनी म्हटलं आहे की बेलग्रेव्ह स्क्वेअरमध्ये जो उपद्रव होईल तो बर्मंडसीत होईलच असं नाही. एक उच्चभ्रू वस्ती, दुसरी चामडं कमावणाऱ्यांची. पेठेत राहणाऱ्याने पेठेचा आवाज सोसायचा. ह्यावर आमच्याकडून अलाहाबाद उच्च न्यायालयाचा १९७८ सालचा निकाल दाखवला गेला. तिथे खाली पिठाची गिरणी आणि वर राहणारी माणसं होती. वस्ती आधीच गजबजलेली असली तरी त्यात भर घालून राहणाऱ्यांचं सुख हिरावणारा आवाज उपद्रवच, असं धरून मनाई कायम झाली होती. परवान्याबद्दल वकीलसाहेब एकच वाक्य बोलले: परवाना नगरपालिकेने धंदा करायला दिला आहे, शेजाऱ्याच्या घरात तिखट सोडायला नव्हे. “उशीर का केला” ह्यालाही उत्तर होतं. उपद्रव हे चालू राहणारं अपकृत्य आहे. जोवर मुसळ पडतंय तोवर रोज दाव्याला नवं कारण घडतं, असं मुदतीच्या कायद्याचं कलम २२ सांगतं.

हुकूम अर्धा मिळाला. डंक पूर्ण बंद नाही. सकाळी दहा ते दुपारी एक आणि चार ते सहा एवढाच चालवायचा, आणि धूळ ओढून घेणारी व्यवस्था बसवेपर्यंत मिरची कुटायची नाही. मला वाटलं, हरलो. वकीलसाहेब म्हणाले, नीट वाचा, कोर्टाने दोन्ही घरं जगवली आहेत. त्या रात्री आई सलग झोपली. दाराशी बसून मी तिचा श्वास ऐकला, शिट्टी नव्हती.

दादांनी धूळ ओढणारा पंखा आणि पिशवी बसवली. ठसका बराच कमी झाला, हादरा तसाच राहिला. दावा पुढे चालला असता तर मुद्दे निघणं, सरतपास, उलटतपास ह्यात किती वर्षं गेली असती सांगता येत नाही. आईला साक्षीदाराच्या पिंजऱ्यात उभं करायला मी तयार नव्हते. २०२४ च्या मार्चमध्ये राष्ट्रीय लोकअदालतीच्या यादीत आमचा दावा आला. कोर्टाच्या आवारात मांडव, प्लास्टिकच्या खुर्च्या, पॅनेलवर एक न्यायाधीश आणि एक वकील. इथे झालेली तडजोड हुकूमनाम्यासारखीच असते, तिच्यावर अपील नाही आणि भरलेली कोर्ट फी परत मिळते.

दादा वर्षानंतर माझ्याशी थेट बोलले. “हा सीझन करू दे ताई. बाजार समितीच्या बाजूला गाळा बघितलाय. हप्ते फिटतील तेवढं करतो आणि हलवतो.” मी काही बोलायच्या आत आईने विचारलं, “मिरची कुठल्या वारी कुटणार?” मांडवातच ठरलं: मंगळवार, गुरुवार, शनिवार. बाकीचे दिवस धने, हळद, गरम मसाला. ३१ मे पर्यंत डंक हलवायचा, भिंतीची चीर त्यांनी बुजवून द्यायची, खर्च ज्याचा त्याने सोसायचा. एप्रिल-मे आम्ही पुण्याला भावाकडे राहायचं, हे कागदावर नव्हतं. ते आईने आपणहून सांगितलं. सही करताना दादांनी आईला आधी खुर्ची दिली आणि स्वतः उभे राहिले.

जूनमध्ये परत आलो तेव्हा सोपा रिकामा होता. फरशीवर चार गोल खड्डे होते आणि भिंतीतल्या चिरेत नवं सिमेंट भरलेलं, अजून काळपट ओलं. वहिनी दारात उभ्या होत्या. त्यांनी आईला विचारलं, “पुण्यात दम्याचं कसं होतं, काकी?” आई आत जाऊन बसली त्यांच्याकडे, तासभर.

ह्या वर्षी मिरची आम्ही बाजार समितीकडच्या डंकावरच दिली. अडचण एवढीच आली की आईचं चटणीचं प्रमाण, किलोला धने किती, खोबरं किती, लसूण किती, ते त्या दोनशे पानी वहीच्या शेवटच्या पानांवर होतं. वही कोर्टात दाखल आहे, निशाणी पडलेली. मूळ कागद परत मिळायला अर्ज दिला आहे. शिरस्तेदार म्हणाले, नक्कल ठेवून देतात, पुढच्या आठवड्यात या.